नवऱ्याच्या नावाचं प्रमाणपत्र, दिराचा हट्ट आणि जप्त झालेली फुलं

प्रश्न : वकीलताईंना नमस्कार. मी सांगतेय आणि माझी मुलगी लिहून घेतेय. आमचा हार-गजऱ्यांचा धंदा आहे. मंडईच्या बाहेर पिंपळाच्या पाराजवळ सासूबाईंनी सुरू केला, नंतर मालकांनी सांभाळला. मी लग्न होऊन आले तेव्हापासून त्यांच्या शेजारी बसून गजरे करते. महापालिकेचा सर्व्हे झाला तेव्हा मालकांचं नाव लागलं. रस्त्यावर विकायचं प्रमाणपत्र मिळालं, फोटोचं ओळखपत्रही मिळालं. दीड वर्षापूर्वी ते अचानक गेले. तेव्हापासून मी एकटी बसते.

गौरी बसायच्या आदल्या दिवशी अतिक्रमणची गाडी आली. झेंडू, शेवंती, तयार हार, वजनकाटा, छत्री सगळं उचलून नेलं. प्रमाणपत्र दाखवलं तर म्हणाले, ‘हे मयत माणसाचं आहे, तुमचा काय संबंध?’ चार दिवसांनी तीन हजार घेऊन काटा आणि छत्री दिली. पावती एक हजाराची. फुलं तर कुजूनच गेली होती.

धाकटे दीर म्हणतात धंदा आईचा, जागा घराण्याची. त्यांनी एक माणूस आणलाय, तो जागा आणि प्रमाणपत्र भाड्याने मागतोय. महिन्याला सहा हजार, त्यातले तीन मला, तीन त्यांना. ‘घरबसल्या मिळतील, बाईमाणसाने गाडीमागे कशाला धावायचं,’ म्हणतात.

आणखी एक. गटाराच्या कामासाठी आम्हा आठ जणांना तोंडी सांगून समोरच्या बाजूला बसवलं होतं. काम संपलं, पण जुन्या जागी आता ‘ना फेरीवाला क्षेत्र’ असा बोर्ड लागलाय. मुलगी बारावीला आहे, मुलगा आठवीत. आमचा काही हक्क आहे का, की रस्त्यावर बसतो म्हणजे आम्ही चोरच? नवरात्र तोंडावर आलंय. बसू की नको?

– एक फुलवाली (गावाचं नाव छापू नका)

उत्तर :

ताई, पत्रातला तो ‘चोर’ शब्द आधी खोडायला हवा. तो तुमच्या मनात आपोआप आलेला नाही. वर्षानुवर्षं गाडी आली की पळायचं, दिसेल त्याला ‘साहेब’ म्हणायचं, दोन तास शटरच्या आड उभं राहायचं, यातून तो आलाय. रस्त्यावर बसून प्रामाणिकपणे माल विकणं हा व्यवसाय आहे, आणि व्यवसाय करण्याचा हक्क राज्यघटनेच्या कलम १९ मध्ये आहे. दिल्लीतल्या सोदान सिंग नावाच्या विक्रेत्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९८९ साली हे स्वच्छ शब्दांत मान्य केलं. त्याच्या चार वर्षं आधी, मुंबईतल्या पदपथावर राहणाऱ्यांच्या खटल्यात, पोट भरण्याचं साधन हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे असं याच न्यायालयाने म्हटलं होतं. अमुकच कोपरा माझा, असं मात्र कुणालाच म्हणता येत नाही. कुठे बसायचं, किती वेळ, कोणत्या अटींवर, हे नियमाने ठरवता येतं. ते नियम करणारा कायदा यायला २०१४ साल उजाडलं. त्याचं नाव पथविक्रेता (उपजीविका संरक्षण व पथविक्री विनियमन) अधिनियम, २०१४. तो १ मे २०१४ पासून लागू आहे. नावात ‘उपजीविका संरक्षण’ आधी आहे आणि ‘विनियमन’ नंतर, हे मी प्रत्येक बैठकीत मुद्दाम वाचून दाखवते.

आता तुमच्या पत्रातली सगळ्यात नाजूक गोष्ट घेते, कारण बाकी सगळं तिच्यावर अवलंबून आहे.

प्रमाणपत्र मयत माणसाचं आहे, हे त्या साहेबांचं म्हणणं खरं. तुमचा काय संबंध, हे मात्र साफ चूक. याच कायद्याच्या कलम ५ चं दुसरं पोटकलम तुमच्यासारख्या घरांसाठीच लिहिलंय. प्रमाणपत्र असलेला विक्रेता वारला, कायमचा अपंग झाला किंवा आजारी पडला, तर त्याच्या जागी घरातल्या एका माणसाला विक्री करता येते. कुणाला, याचा क्रमही कायद्यानेच लावून दिलाय : आधी पती किंवा पत्नी, त्यानंतर अवलंबून असलेलं मूल. एवढीच दोन नावं. भाऊ त्यात नाही, पुतण्या नाही, सासर नाही, माहेर नाही. म्हणजे प्रमाणपत्राची मुदत संपेपर्यंत त्या जागी बसण्याचा पहिला हक्क तुमचा आहे. तुम्ही विनापरवाना बसलेल्या नाही.

दिरांशी वाद घालताना ‘घराण्याची जागा’ या शब्दात अडकू नका. ती जागा महापालिकेची आहे, घराण्याची कधीच नव्हती. सासूबाईंची नव्हती, तुमच्या मालकांचीही नव्हती. मालकांकडे होता तो तिथे बसून विकण्याचा हक्क, आणि तो वाटणीत येत नाही. दीर ऐकत नसतील आणि वाद वाढलाच, तर कुणी बसायचं हे ठरवण्याचं काम त्याच कलमाने तक्रार निवारण समितीला दिलंय. ही समिती कलम २० खाली नेमायची असते. तिचा अध्यक्ष पूर्वी दिवाणी न्यायाधीश किंवा न्यायदंडाधिकारी राहिलेला असावा लागतो, आणि महापालिकेचा किंवा सरकारचा नोकर तिच्यात सदस्य होऊ शकत नाही. बऱ्याच शहरांत ती कागदावरच असते. तुमच्याकडे तशी स्थिती असेल तर आयुक्तांच्या नावे अर्ज द्या आणि समिती नेमली आहे का, हे त्याच अर्जात लेखी विचारा.

भाड्याच्या गोष्टीवर मी जरा ठाम बोलणार आहे. करू नका. एक महिनाही नको, सणापुरतंही नको.

पहिलं कारण कायद्याचं. प्रमाणपत्र घेताना तुमच्या मालकांनी एक हमीपत्र दिलेलं आहे : धंदा मी स्वतः किंवा घरातल्या माणसांकडून करीन, मला पोटाचं दुसरं साधन नाही, आणि हे प्रमाणपत्र मी कुणाला देणार नाही, भाड्यानेसुद्धा नाही. ‘भाड्याने’ हा शब्द कायद्यात आहे. अट मोडली तर कलम १० खाली प्रमाणपत्र रद्द होऊ शकतं. बाजूचा कुणीतरी एक अर्ज करेल की फुलवालीच्या जागी भलताच माणूस बसतो, आणि तेवढ्यावर सासूबाईंपासून चालत आलेलं सगळं जाईल.

दुसरं कारण कायद्याच्या पुस्तकात ठळक दिसत नाही, पण रस्त्यावर तेच निर्णायक ठरतं. कायद्याप्रमाणे दर पाच वर्षांनी निदान एकदा सर्व्हे व्हायला हवा. सर्व्हेवाले येतात तेव्हा समोर पाटीवर जो बसलाय त्याचं नाव लिहितात, त्याचाच फोटो काढतात, त्याचंच आधार घेतात. त्या दिवशी तिथे तुमचा भाडेकरू बसलेला असेल तर यादीत त्याचं नाव लागेल. तुम्ही घरून धावत याल आणि म्हणाल, ‘अहो, जागा माझी.’ तो म्हणेल, ‘मी इथे दोन वर्षं बसतोय, विचारा शेजारच्यांना.’ आणि शेजारचे खोटं बोलणार नाहीत, तो बसतच होता! अशा दोन बायका माझ्याकडे आलेल्या आहेत. दोघींनी नवरा गेल्यावर ‘थोडे दिवस’ म्हणून जागा चालवायला दिली होती. भाडं पहिले काही महिने आलं, पुढे बंद झालं. एकीला आज स्वतःच्या जुन्या जागेसमोर उभं राहून लिंबू-मिरच्या विकाव्या लागतात.

तीन हजारांचा मोह मला कळतो. दोन मुलांचं शिक्षण, घरभाडं, आणि पहाटे चारला फुलबाजार. त्यावर ‘धीर धरा’ म्हणणं सोपं आहे, याची मला जाणीव आहे. पण दिरांनी मांडलेल्या हिशेबात तीन हजारांच्या बदल्यात तुमचं नाव जातंय. त्यांना एक सांगून बघा : धंद्यात हात द्यायचा असेल तर पहाटे बाजारातून माल आणून द्या, त्याचे पैसे ठरवून घ्या. नातंही टिकेल, आणि पाटीवर तुम्हीच राहाल. तुम्हाला कचेरीत जावं लागेल तेव्हा मुलीने तास-दोन तास बसायला हरकत नाही, कुटुंबातल्या माणसाने धंदा सांभाळणं कायद्याला मान्य आहे. फक्त तिची बारावी बुडू देऊ नका.

आता जप्तीचं.

मागे एकदा एका केळीवाल्या आजींबरोबर मी अतिक्रमणच्या गोदामात गेले होते. पत्र्याची शेड होती. हातगाड्या एकमेकींवर उलट्या टाकलेल्या, चाकं वर. एका कोपऱ्यात वजनकाट्यांचा ढीग आणि त्यावर कुणाचीतरी शाळेची वॉटरबॅग. पाटीबरोबर तीही उचलली गेली असणार. आजींनी आपला काटा लांबूनच ओळखला, पारड्याच्या साखळीला त्यांनी जुन्या लुगड्याची हिरवी चिंधी बांधली होती. कारकून म्हणाला, ‘तुमचाच कशावरून?’ आजी चिंधी दाखवत राहिल्या, तो कागद मागत राहिला. आणि कागद त्यांच्याकडे नव्हता, कारण उचलताना कुणी दिलाच नव्हता.

तो कागद देणं ही मेहरबानी नाही. कलम १९ सांगतं की माल जप्त केला तर त्याची यादी करायची, जप्त करणाऱ्या अधिकाऱ्याने तिच्यावर सही करायची आणि एक प्रत विक्रेत्याला द्यायची. माल परत मागितल्यावर नाशवंत नसेल तर दोन कामकाजाच्या दिवसांत सोडायचा आणि नाशवंत असेल तर ज्या दिवशी मागाल त्याच दिवशी. फुलं नाशवंत नाहीत असं कुणी म्हणू शकेल का? गौरीच्या आदल्या दिवशी संध्याकाळी उचललेली शेवंती चार दिवसांनी घेऊन काय करायचं होतं? सोडवण्याची फी या कायद्याखालच्या योजनेप्रमाणे घेता येते, पण जेवढी घेतली तेवढीच पावती फाडली पाहिजे.

आणि याच्याही आधीची पायरी आहे. विक्रेत्याला हलवायचं किंवा हटवायचं असेल तर ३० दिवसांची नोटीस द्यावी लागते. कलम १८. नोटिशीची मुदत संपूनही जागा सोडली नाही, तरच हटवणं आणि जप्ती. तुम्हाला अशी नोटीस आलीच नव्हती, असं तुमच्या पत्रावरून दिसतं. मग ती जप्ती कायद्याला धरून नव्हती. गाडीवरचे लोक सांगतील की महापालिकेच्या कायद्यात रस्त्यातला अडथळा विनानोटीस काढायचा अधिकार आहे. तो अधिकार आहे हे खरंच. पण २०१४ च्या कायद्याचं कलम ३३ म्हणतं की दुसऱ्या कायद्यात काही विसंगत असलं तरी हाच कायदा वरचढ राहील. प्रमाणपत्राच्या अटी पाळून बसलेल्या विक्रेत्याला पोलिसांनी किंवा आणखी कुणीही अडवायचं नाही, असं कलम २७ वेगळं सांगतं. ही दोन कलमं मुलीला एका कागदावर मोठ्या अक्षरात लिहून ठेवायला सांगा : २७ आणि ३३.

पुढच्या वेळी गाडी आली तर आवाज चढवू नका, गाडीपुढे आडव्या पडू नका, हिसकाहिसकी तर अजिबात नाही. सरकारी कामात अडथळा म्हणून जुन्या दंड संहितेतलं जे कलम ३५३ सगळ्यांना ठाऊक होतं, ते नव्या न्याय संहितेत १३२ झालंय. ते एकदा लागलं की माल राहतो बाजूला आणि जामिनासाठी धावपळ सुरू होते. त्याऐवजी शांतपणे नोटीस मागा, अधिकाऱ्याचं नाव आणि हुद्दा विचारा, यादी मागा. शेजारच्याला मोबाइलवर फोटो काढायला सांगा, पाटीतला माल दिसेल असे. यादी देत नाहीत म्हणाले तर तिथल्या तिथे स्वतः यादी लिहा : झेंडू इतके किलो, हार इतके, काटा एक, छत्री एक, वेळ, गाडीचा नंबर. खाली दोन शेजाऱ्यांच्या सह्या. ती घेऊन त्याच दिवशी कचेरीत जा आणि माल परत मिळण्याचा अर्ज द्या. ‘त्याच दिवशी सोडायचा’ हे घड्याळ तुम्ही मागणी केल्यावर सुरू होतं, म्हणून मागणी लेखी हवी.

तीन हजार घेऊन एक हजाराची पावती दिली, हे मला फार लागलं. वरच्या दोन हजारांची तक्रार लाचलुचपत प्रतिबंधक विभागाकडे करता येते, त्यांचा टोल फ्री क्रमांक १०६४ आहे. पण ती करायची की नाही हे तुम्ही ठरवा. रोज त्याच रस्त्यावर बसायचं असतं, आणि एकटीने ही तक्रार करणं किती जड जातं ते मी पाहिलंय. आठही जणांकडून असे पैसे गेले असतील तर आठजण मिळून करा.

बोर्डाचा प्रश्न तुमच्या एकटीचा नाही. आठजणांनी एकत्र बसून तो हातात घ्यायला हवा.

‘ना फेरीवाला क्षेत्र’ हा बोर्ड कुणालाही मनाला येईल तिथे लावता येत नाही. ती घोषणा पथविक्री आराखड्यातून व्हावी लागते, आणि आराखडा करायचा तो नगर पथविक्रेता समितीच्या शिफारशीवरून. या समितीचे अध्यक्ष महापालिकेत आयुक्त असतात. पण तिच्यात निदान ४० टक्के सदस्य तुमच्यासारखे विक्रेते असले पाहिजेत, विक्रेत्यांनीच निवडून दिलेले, आणि त्यांतल्या एक तृतीयांश बायका. तुमच्या शहरात या जागांवर कोण आहे ते शोधा. त्यांतली बाई कदाचित मंडईतच कांदे विकत असेल.

आराखड्याची तत्त्वं कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहेत, आणि ती तुमच्या बाजूची आहेत. जिथे आधीपासून बाजार भरतो, किंवा सर्व्हेत जो नैसर्गिक बाजार म्हणून नोंदला गेलाय, तिथे ना फेरीवाला क्षेत्र करता येत नाही. गर्दी होते एवढ्या कारणावरून करता येत नाही. घाण होते म्हणूनही नाही, जोवर ती घाण निव्वळ विक्रेत्यांमुळे होते आणि महापालिकेला ती कोणत्याही उपायाने आवरता येत नाही असं दिसत नाही. सर्व्हे आणि आराखडा दोन्ही झाल्याशिवाय तर कुठलंच क्षेत्र तसं जाहीर करता येत नाही. ‘नैसर्गिक बाजार’ म्हणजे घेणारे आणि विकणारे परंपरेने जिथे जमत आले ती जागा. मंडईच्या तोंडाशी, पिंपळाच्या पाराजवळ, सासूबाईंच्या काळापासून फुलं विकली जातात. याहून वेगळा नैसर्गिक बाजार काय असतो? पन्नास वर्षांहून जास्त चाललेल्या अशा बाजारांना वारसा बाजार म्हणून जाहीर करण्याची तरतूदही दुसऱ्या अनुसूचीत आहे. मंडईतल्या म्हाताऱ्या माणसांना विचारा, तिथे पहिलं कोण बसलं आणि कधी. जुने फोटो, जुन्या बैठक पावत्या, दंडाच्या पावत्यासुद्धा जपून ठेवा. दंडाची पावती ही तुम्ही त्या तारखेला त्या जागी होता याचा महापालिकेने स्वतःच्या हाताने दिलेला पुरावा असतो. लोक रागाने फाडून टाकतात, तुम्ही टाकू नका.

एका गोष्टीपासून मात्र सावध. बोर्ड बेकायदा वाटला तरी तो उपटायचा नाही. कायदेशीर असेल तर त्या क्षेत्रात विकण्याची कायद्यात मनाई आहे, आणि तो कायदेशीर आहे की नाही हे आपल्याला कागदावरून ठरवायचंय. त्यासाठी माहितीच्या अधिकारात एक अर्ज करा : या जागेला ना फेरीवाला क्षेत्र ठरवणारा ठराव, नगर पथविक्रेता समितीच्या त्या बैठकीचं इतिवृत्त आणि आराखड्याची प्रत मिळावी. दहा रुपयांचं कोर्ट फी स्टँप लावा. महाराष्ट्रात अर्ज १५० शब्दांच्या आत आणि एकाच विषयाचा हवा, म्हणून त्यात गौरीच्या जप्तीची हकिकत घालू नका, तेवढ्यावरून अर्ज परत येतो. ३० दिवसांत उत्तर द्यावं लागतं. ठरावच नसेल तर तेच उत्तर तुमच्या उपयोगाचं.

तुम्हाला समोरच्या बाजूला बसवलं ते तोंडी, ही मोठी अडचण आहे. प्रमाणपत्रावर जागेचं वर्णन काय छापलंय ते नीट वाचा. तिथे ‘पाराजवळ’ असेल आणि तुम्ही समोर बसत असाल, तर उद्या अट मोडली म्हणून तुमच्यावरच बोट येईल. रीतसर हलवलं असेल तर कलम १३ प्रमाणे नवी जागा मिळण्याचा हक्क आहे, म्हणून ‘आपल्या सांगण्यावरून, गटाराच्या कामापुरते आम्ही समोर बसलो, काम संपले आहे, मूळ जागी बसू द्यावे’ असं आठजणांनी सहीनिशी लिहून द्या.

आता तुमचा स्वतःचा अर्ज. हा बाकी सगळ्याच्या आधी, या आठवड्यातच. मुलीचं अक्षर सुंदर आहे आणि वाक्यं नेटकी आहेत, तिलाच लिहू द्या. साधारण असं : ‘माझे पती यांना आपल्या कार्यालयाने पथविक्री प्रमाणपत्र क्रमांक अमुक दिले होते. त्यांचे अमुक तारखेला निधन झाले. अधिनियमाच्या कलम ५(२) नुसार मी त्यांची पत्नी म्हणून त्यांच्या जागी स्वतः विक्री करीत आहे, याची नोंद घ्यावी. प्रमाणपत्राची मुदत संपण्यापूर्वी माझ्या नावे प्रमाणपत्र मिळावे, तसेच पुढील सर्वेक्षणात माझे नाव घ्यावे.’ सोबत मृत्यू दाखला, प्रमाणपत्राची आणि मालकांच्या ओळखपत्राची प्रत, तुमचं आधार, रेशनकार्ड, लग्नाचा काही पुरावा. अधिवास दाखलाही मागतील, नसेल तर तो काढायला आजच टाका. अर्जातल्या शेवटच्या दोन मागण्या गाळू नका. पतीच्या प्रमाणपत्रावर बसण्याची सोय मुदतीपुरतीच आहे आणि मुदत संपली की हात रिकामा राहील. दोन सर्व्हेंच्या मधल्या काळातही नव्या अर्जावर प्रमाणपत्र देण्याचा अधिकार नगर पथविक्रेता समितीला आहे, त्या भागाच्या क्षमतेत बसत असेल तर. नाकारलं तर लेखी कारण घ्या, त्यावर अपील होतं.

अर्ज दोन प्रतींत. एक त्यांची, दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का. ‘ठेवून जा, बघतो’ म्हणाले तर ठेवून जाऊ नका. शिक्का देत नसतील तर सरळ पोस्टात जा आणि पोचपावतीसह रजिस्टरने पाठवा.

वकिलाच्या खर्चाची धास्ती असेल तर ती नको. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ प्रमाणे स्त्रीला मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, तिला उत्पन्नाची अट नाही. जिल्हा न्यायालयाच्या आवारातच जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय असतं. फोन करायचा तर १५१००.

कर्जाचं तुम्ही विचारलेलं नाही, पण भांडवल बुडालंय म्हणून लिहिते. पंतप्रधान स्वनिधी योजनेत विनातारण कर्ज मिळतं. सुरुवातीला पहिला हप्ता १० हजारांचा होता, २०२५ मधल्या बदलानंतर तो १५ हजारांचा झालाय. वेळेवर फेडलं तर पुढे २५ हजार आणि ५० हजार मिळतात, आणि व्याजात ७ टक्क्यांची सवलतही आहे. तुमच्या नावाचं प्रमाणपत्र नसेल तर महापालिकेकडून शिफारस पत्र घ्यावं लागेल. स्वनिधीचं कर्ज मंजूर झालं म्हणजे बसायचा परवाना मिळाला असं मात्र समजू नका. अनेकजण बँकेचा कागद गाडीवाल्यांना दाखवतात आणि मग रडवेले होतात.

आणि तुमच्याकडूनही काही गोष्टी व्हायला हव्यात, त्या कायद्यात आहेत म्हणून आणि मलाही त्या पटतात म्हणून. पाटीपुढून आंधळ्या माणसाला, लेकुरवाळीला, व्हीलचेअरवाल्याला सरळ जाता आलं पाहिजे. दोरे, पानं, सडलेली फुलं संध्याकाळी गोणीत भरून नेली पाहिजेत. वेळ ठरवून दिली असेल तर वेळेत उठलं पाहिजे. तुमच्याविरुद्ध अर्ज करणाऱ्या दुकानदाराच्या हातात हेच मुद्दे असतात. त्याच्या पायरीसमोरची दीड हात जागा मोकळी सोडा आणि त्याला एकदा सांगून ठेवा की सोडली आहे.

नवरात्रात बसू का, विचारलंत. बसा. प्रमाणपत्र, मृत्यू दाखला आणि या आठवड्यात दिलेल्या अर्जाची शिक्क्याची प्रत, या तिन्हींच्या झेरॉक्स एका प्लास्टिकच्या पाकिटात घालून पाटीखाली ठेवा. अस्सल कागद घरी, पेटीत. घटस्थापनेच्या पहाटे माल घ्याल तेव्हा फुलबाजारातली पावती फेकू नका, तीही पाकिटात घाला. समोरच्या बाजूला बसायचं की पाराजवळ, हे आठजणांचं पत्र कचेरीत पोचेपर्यंत बदलू नका, आत्ता बसता तिथेच बसा. आणि दसऱ्यानंतर, झेंडूची गडबड संपली की, महापालिकेकडून काय उत्तर आलं ते मुलीला लिहून पाठवायला सांगा. पुढचा अर्ज त्या उत्तरावर ठरेल.